याचिका ‘निष्फळ’ ठरवताना खालच्या आदेशाचे काय, तेही लिहा

महोदय,

जानेवारी २०२१ मध्ये राज्यातल्या सुमारे १४ हजार ग्रामपंचायतींच्या निवडणुका झाल्या. त्या सदस्यांची पाच वर्षे आता भरली. पंचायतीची मुदत संविधानाच्या अनुच्छेद २४३-ई ने बांधलेली आहे: पहिल्या सभेपासून पाच वर्षे, त्यापुढे एक दिवस नाही. या पाच वर्षांत ज्यांना अपात्र ठरवून घरी बसवले, त्यांतले बरेच जण वरच्या कोर्टात गेले. काहींच्या याचिका वेळेत ऐकल्या गेल्या. ज्या राहिल्या त्या आता एकेक करून बोर्डावर, म्हणजे कोर्टाच्या रोजच्या सुनावणीच्या यादीत, येतील. कोर्ट विचारेल, ‘टर्म संपली ना?’ वकील ‘हो’ म्हणतील आणि याचिका निष्फळ ठरली म्हणून निकाली निघेल. दोन मिनिटांचे काम. या दोन मिनिटांबद्दल मला लिहायचे आहे, कारण त्यात एक वाक्य राहून जाते आणि ते राहिल्यामुळे माणसांचे पुढे काय होते, ते मी पाहिले आहे.

मी तालुक्याच्या ठिकाणी एका वकीलसाहेबांकडे कारकून होतो. उभी हयात त्यात गेली. कायद्याची पदवी माझ्याकडे नाही. नकलेचा अर्ज करणे, तिकिटे लावणे, कागदांना पान नंबर घालून फाइल शिवणे, वरच्या कोर्टातल्या वकिलांकडे ती पोचवणे आणि पक्षकाराला तारीख कळवणे हे माझे काम. तारीख सांगणारा मीच असल्यामुळे निकाल लागल्यावर पहिला प्रश्नही मलाच विचारला जायचा. वकीलसाहेबांसमोर पक्षकार मान डोलवतो आणि जिना उतरताना कारकुनाला विचारतो, ‘अण्णा, म्हंजे काय झालं नक्की?’ ‘निष्फळ’ या निकालाचा अर्थ जिन्यात उभे राहून समजावून सांगणे मला कधीच नीट जमले नाही, कारण त्याला खरे उत्तर नसते.

आधी ही प्रकरणे उभी कशी राहतात ते सांगतो, शहरी वाचकांना कदाचित ठाऊक नसेल. ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम १४ मध्ये सदस्य अपात्र ठरण्याची कारणे दिली आहेत. दोनपेक्षा जास्त अपत्ये, पंचायतीची थकबाकी, आणि सरकारी किंवा सार्वजनिक जागेवरचे अतिक्रमण. हे अतिक्रमणाचे पोटकलम ज-३. आमच्याकडे कुणी ‘ज-३ लागलंय’ म्हणाले की पुढचे काही सांगावे लागत नाही. निवडणूक हरलेला गट पहिल्या काही महिन्यांत निवडून आलेल्यांच्या घरांची मोजणी मागतो. गावठाणातली घरे पिढ्यान्‌पिढ्या वाढत गेलेली असतात. कुणाची पायरी रस्त्यात, कुणाचा गोठा गायरानात, कुणाच्या न्हाणीची भिंत शाळेच्या जागेत. मग जिल्हाधिकाऱ्यांकडे विवाद अर्ज जातो, ग्रामसेवक आणि गटविकास अधिकाऱ्यांचे अहवाल येतात, पंचनामा होतो. निकाल विरुद्ध गेला तर १५ दिवसांत विभागीय आयुक्तांकडे अपील, आणि तिथेही गेला तर हायकोर्ट.

यातल्या सगळ्या तक्रारी खोट्या असतात, असे मी म्हणत नाही. गायरान लाटून त्यावर गाळे बांधणारे सदस्यही पाहिले आहेत. ते घरी गेले ते योग्यच झाले. पण खरे कोण आणि खोटे कोण, हे ठरवायलाच तर वरचे कोर्ट आहे.

एक प्रकरण जरा सविस्तर सांगतो. गाव, जिल्हा आणि नाव सांगत नाही, ती मंडळी अजून त्याच गावात नांदत आहेत. बाई रोजंदारीवर जाणारी, २०१५ साली निवडून आलेली. घर सासऱ्यांनी बांधलेले. घरापुढे दगडी ओटा आणि त्यावर पत्र्याची पडवी. बाई लग्न होऊन त्या घरात आली तेव्हा ओटा होताच. मोजणीत त्या ओट्याचा चार फुटांचा पट्टा ग्रामपंचायतीच्या रस्त्यात निघाला. नोटीस आल्यावर नवऱ्याने स्वतः पहार घेऊन ओटा काढला. त्याचे फोटो मीच फाइलीला लावले होते. दगड भिंतीकडेला रचून ठेवलेले, पत्रे काढलेले, आणि उंबऱ्यावरून खाली उतरता यावे म्हणून सिमेंटचा एक ठोकळा टेकवलेला. त्या घरातली म्हातारी पुढे कित्येक दिवस त्या ठोकळ्यावरून हात धरल्याशिवाय उतरत नव्हती.

तरी २०१७ मध्ये बाई अपात्र ठरली. निवडून आली त्या दिवशी अतिक्रमण होते, नंतर काढले त्याचा उपयोग नाही, असे आदेशात लिहिले होते. आयुक्तांकडे काही महिने स्थगिती मिळाली, मग अपील फेटाळले गेले. २०१८ च्या सुरुवातीला याचिका वरच्या कोर्टात दाखल झाली. दरम्यान पोटनिवडणुकीचा कार्यक्रम लागला होता, त्यामुळे स्टे मिळाला नाही. याचिका दाखल करून घेतली गेली आणि अंतिम सुनावणीच्या रांगेत जाऊन बसली. पोटनिवडणुकीत तक्रारदाराची भावजय निवडून आली.

त्या काळात कायदाही हलत होता. सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये सांगितले होते की मूळ अतिक्रमण ज्याने केले तोच अपात्र, त्याच्या घरातली माणसे नाहीत. म्हणजे सासऱ्यांच्या ओट्यासाठी सून अपात्र ठरत नव्हती. सप्टेंबर २०१८ मध्ये जनाबाई प्रकरणात तीन न्यायमूर्तींनी ही भूमिका बदलली. अतिक्रमण कुटुंबातल्या कुणी केलेले असले तरी सदस्य त्या जागेचा उपभोग घेत राहिला तर तोही अपात्र, असे ठरले. तेव्हा आमच्या बाईची याचिका ऐकली गेली असती तर ती कदाचित हरलीही असती. अतिक्रमण काढून टाकलेले होते, त्यामुळे कदाचित जिंकलीही असती. मला ते ठाऊक नाही आणि आता कुणालाच कळणार नाही. पण हे दोन्ही निकाल, २०१७ चा आणि २०१८ चा, लागू शकले ते कुणाची तरी याचिका वेळेत ऐकली गेली म्हणून. राज्यभरातल्या हजारो सदस्यांना लागू होणारा कायदा त्यातूनच तयार झाला.

मधल्या काळात काय होते? मुद्दाम कुणी काही करतो असे नाही. एका तारखेला तक्रारदाराची नोटीस बजावून आलेली नसते. पुढच्या तारखेला सरकारी वकिलांना प्रतिज्ञापत्रासाठी वेळ हवा असतो. मग समोरच्या वकिलांची रजा. मग खंडपीठांच्या कामाची वाटणी बदलते आणि फाइल दुसऱ्या कोर्टाकडे जाते. मग बोर्डावर नंबर लागतो, पण तो खालून चौथा. पावणेपाच वाजतात आणि मॅटर पोचत नाही. पक्षकार आदल्या रात्री एसटीने निघून सकाळी मुंबईत उतरलेला असतो. संध्याकाळी तीच पिशवी घेऊन परत. गेल्या वर्षी, १८ ऑगस्ट २०२५ पासून, कोल्हापूरला सर्किट बेंचचे काम सुरू झाले. सहा जिल्ह्यांच्या लोकांचा तो प्रवास वाचला, याचा मला मनापासून आनंद आहे. त्यासाठी आमच्याकडच्या वकिलांनी किती वर्षे आंदोलन केले ते मी जवळून पाहिले आहे. पण अंतर कमी झाले तरी पंचायतीचे घड्याळ तेच आहे. पाच वर्षांतली दोन खाली जातात, उरलेली वर जातात.

२०२० मध्ये बाईच्या पंचायतीची मुदत संपली. लॉकडाऊनमुळे सुनावण्या व्हिडीओवर चालत होत्या. वकीलसाहेबांच्या ऑफिसात लॅपटॉपपुढे आम्ही बसलो होतो, बाई आणि तिचा नवरा मागच्या बाकावर, तोंडाला रुमाल बांधून. न्यायमूर्ती अतिशय सभ्य होते. त्यांनी चौकशी केली, मुदत संपल्याची खात्री करून घेतली आणि याचिका निकाली काढली. आदेश चार ओळींचा: मुदत संपल्यामुळे याचिकेत काही उरलेले नाही, सबब निष्फळ म्हणून निकाली, खर्चाबाबत आदेश नाही.

जिन्यात बाईने मला विचारले, ‘अण्णा, त्या कागदावरचं माझं नाव खोडलं का?’

नाव खोडलेले नव्हते. ‘सदस्याने शासकीय जागेवर अतिक्रमण केल्याचे सिद्ध होत आहे’ हे खालच्या आदेशातले वाक्य जसेच्या तसे राहिले. ज्या आदेशाला तिने मुदतीत आव्हान दिले, त्यासाठी दागिना मोडून फी भरली, तो आदेश तपासला गेलाच नाही, आणि न तपासता तो कायम झाला. कागदोपत्री पाहणाऱ्याला वाटेल, ही बाई वर गेली आणि तिथेही हरली.

त्याच वर्षी डिसेंबरअखेर पुढच्या निवडणुकीची छाननी झाली. बाईने पुन्हा अर्ज भरला होता. विरोधी गटाने त्या आदेशाची नकल जोडून हरकत घेतली. निवडणूक निर्णय अधिकारी समंजस होते. ओटा काढल्याचे कागद पाहून त्यांनी अर्ज वैध ठरवला, पण त्यात अख्खी दुपार गेली. प्रचारात त्या नकलेच्या झेरॉक्स दारोदार वाटल्या गेल्या, ‘अतिक्रमणवाली’ असे वर मोठ्या अक्षरांत लिहून. बाई पडली. आदेशामुळेच पडली, असे मी छातीठोक सांगू शकत नाही. गावातल्या निवडणुकीत शंभर कारणे असतात. पण ज्या याचिकेत काही उरले नाही असे म्हटले गेले, तिच्यातून उरलेला कागद गावभर फिरत होता, एवढे मी डोळ्यांनी पाहिले.

आता कायदा काय म्हणतो? कोर्टाने पुस्तकी प्रश्नांत वेळ घालवू नये, हे तत्त्व जुने आहे आणि मला ते पटते. सर्वोच्च न्यायालयाने १९७४ मध्ये ओडिशाच्या एका निवडणूक प्रकरणात, लोकनाथ पाधान यांच्या अपिलात, ते स्वच्छ सांगितले. विधानसभाच विसर्जित झाली होती, उमेदवार सरकारी कंत्राटामुळे अपात्र होता की नव्हता याचा निकाल देऊन कुणालाच काही मिळणार नव्हते. पण त्याच न्यायालयाने त्याआधी, १९६९ मध्ये, शिवदान सिंह प्रकरणात उत्तर प्रदेशातल्या एका याचिकेबद्दल उलट सांगितले होते: भ्रष्ट आचरणाचा आरोप असेल तर सभागृह विसर्जित झाले तरी निवडणूक याचिका संपत नाही. कारण तो आरोप सिद्ध झाला तर माणसाला पुढची निवडणूक लढवता येत नाही, आणि मतदारांनाही तो प्रकार खरा की खोटा हे कळायला हवे. हे दोन निकाल एकमेकांशेजारी ठेवून पाहिले की निकष आपोआप दिसतो. खुर्ची गेली का, एवढेच विचारून भागत नाही; खुर्ची गेल्यावर त्या माणसावर काय शिल्लक राहते, तेही विचारावे लागते.

मोठ्या प्रकरणांत कोर्ट हे करते. महाराष्ट्रातल्या सत्तासंघर्षाचा ११ मे २०२३ चा निकाल आठवा. पाच न्यायमूर्तींनी सांगितले की उद्धव ठाकरे यांनी बहुमत चाचणीला सामोरे न जाता राजीनामा दिला, त्यामुळे त्यांचे सरकार परत आणता येत नाही. तिथे थांबून प्रकरण निष्फळ म्हणता आले असते. ते तिथे थांबले नाहीत. राज्यपालांनी बहुमत सिद्ध करायला सांगणे योग्य नव्हते, शिंदे गटाच्या प्रतोदाला अध्यक्षांनी मान्यता देणे बेकायदा होते, हे सगळे लिहिले. हातात काही पडले नाही तरी पुढच्या राज्यपालाला आणि पुढच्या अध्यक्षाला ते वाचावे लागेल. नोटाबंदीचेही तसेच. जुन्या नोटा २०१६ मध्येच बाद झाल्या होत्या, आता प्रश्न पुस्तकी उरला आहे असे केंद्र सरकारतर्फे सांगितले गेले. तरी घटनापीठाने ऐकले आणि २ जानेवारी २०२३ रोजी निकाल दिला. चार न्यायमूर्तींनी निर्णय वैध ठरवला. न्या. बी. व्ही. नागरत्ना यांनी तो बेकायदा ठरवला आणि इतका काळ लोटल्यावर आता काही मागे फिरवता येणार नाही, हेही लिहिले. मला तो प्रामाणिकपणा फार मोलाचा वाटतो. दुरुस्त करता येत नाही हे मान्य करणे वेगळे आणि चूक होती की नव्हती हे न सांगणे वेगळे.

गावच्या बाईसाठी पाच न्यायमूर्ती बसावेत, असे माझे मागणे नाही. मुंबई उच्च न्यायालयातल्या न्यायमूर्तींची मंजूर पदे ९४ आहेत आणि बहुतेक काळ प्रत्यक्षात त्याहून कमी न्यायमूर्ती काम करत असतात. एका दिवसाच्या बोर्डावर किती मॅटर असतात ते ज्याने पाहिले आहे, तो त्यांना आळशी म्हणणार नाही. ज्यांच्यात खरोखर काही उरलेले नाही अशी प्रकरणे बंदच केली पाहिजेत. सरकारने आदेश मागे घेतला, रस्ता झाला, पगार मिळाला, मग ती याचिका बोर्डावर ठेवून दुसऱ्याची तारीख कशाला अडवायची? बाबरी पाडल्याप्रकरणी अवमानाची याचिका ३० ऑगस्ट २०२२ रोजी बंद झाली तेव्हा मूळ याचिकाकर्ते जाऊन बारा वर्षे झाली होती. अशी फाइल कधीतरी बंद करावीच लागते. ती इतकी वर्षे का थांबली, हा दु:खाचा भाग वेगळा.

दिरंगाईने याचिका मरते तशी घाईनेही मारली जाते, हेही विसरता कामा नये. आरेच्या झाडांचे आठवत असेल. ४ ऑक्टोबर २०१९ रोजी उच्च न्यायालयाने याचिका फेटाळल्या आणि त्याच रात्री करवती सुरू झाल्या. सोमवारी, ७ तारखेला, सर्वोच्च न्यायालयापुढे प्रकरण आले तोपर्यंत दोन हजारांवर झाडे पडली होती. आणखी झाडे तोडायची नाहीत, असे न्यायालयाने सांगितले. कारशेडसाठी लागणारी तोड झालेलीच आहे, असे सरकारतर्फे सांगण्यात आले. शनिवार-रविवारच्या दोन दिवसांत प्रश्नातला जीवच काढून घेतला गेला. गावात पाडकामाची नोटीस शुक्रवारी संध्याकाळी का निघते, हे प्रत्येक वकिलाचा कारकून सांगू शकेल.

इतर क्षेत्रांतही हेच. एमपीडीए, म्हणजे धोकादायक व्यक्तींना खटल्याविना कोठडीत ठेवण्याच्या कायद्याखाली स्थानबद्धता जास्तीत जास्त १२ महिन्यांची, आणि पोलीस कायद्याखाली तडीपारी दोन वर्षांची. आव्हान ऐकले जाईपर्यंत माणूस परत आलेला असतो आणि ‘धोकादायक व्यक्ती’ हा शिक्का पोलीस ठाण्याच्या कागदांत राहतो. बढती डावललेला कर्मचारी सुनावणीआधी निवृत्त होतो. पण बढती वेळेवर मिळालीच होती असे धरले तर त्याचे निवृत्तिवेतन बदलते, म्हणून त्याच्या याचिकेत जीव असतो. वैद्यकीय प्रवेशांत सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये आंध्र प्रदेशातल्या एका विद्यार्थिनीच्या प्रकरणात फार चांगला मार्ग काढला. गुणवत्ता असून विद्यार्थ्याचा दोष नसताना प्रवेश नाकारला गेला, त्याने वेळ न दवडता कोर्ट गाठले, आणि त्या वर्षीची मुदत टळली, तर अपवाद म्हणून पुढच्या वर्षी जागा देता येते, असे ठरले. तिथे कोर्टाने वेळ कुणामुळे गेला, हे पाहिले. तेच इथेही पाहायला हवे.

माझे मागणे एका वाक्याचे आहे. याचिका मुदत संपल्यामुळे निष्फळ ठरत असेल आणि उशीर याचिकाकर्त्याने केलेला नसेल, तर त्याच आदेशात लिहावे की ‘आव्हान दिलेल्या आदेशाची गुणवत्तेवर तपासणी झालेली नाही, त्यातील निष्कर्ष याचिकाकर्त्याविरुद्ध पुढील कोणत्याही निवडणुकीत अथवा कार्यवाहीत वापरले जाऊ नयेत.’ एवढ्याला सुनावणी लागत नाही, पुरावा लागत नाही, दोन मिनिटांची अडीच होतील. आज काही आदेशांत ‘सर्व मुद्दे खुले ठेवले आहेत’ असे येते. तेही बरे, पण छाननीच्या टेबलावर त्याचा अर्थ कुणी लावत नाही. तिथे खालच्या आदेशातले सरळ वाक्य चालते आणि वरच्या आदेशातले मोघम वाक्य चालत नाही.

आमचे वकीलसाहेब गेले, पण त्यांचे चिरंजीव वकिली करतात. त्यांनी मला सांगितले की अमेरिकेत १९५० पासून हा दंडकच आहे. अपील चालू असताना अपिलार्थीच्या दोषाशिवाय प्रकरण निष्फळ झाले, तर नुसते अपील बंद करत नाहीत, खालचा निकालही रद्द करतात, म्हणजे न तपासलेला निकाल कुणाच्या मानेवर राहत नाही. आणि पक्षाने आपणहून तडजोड करून प्रकरण संपवले असेल, तर सहसा ही सवलत देत नाहीत. मला यातला न्याय लगेच पटला. आपल्याकडे रिट अधिकारात कोर्टाला हे करायला कुठलीच आडकाठी नाही.

दुसरी गोष्ट कोर्टाच्या कचेरीने करायची आहे. पंचायतीची, परिषदेची, सोसायटीच्या संचालक मंडळाची मुदत कधी संपते, हे याचिका दाखल होते त्याच दिवशी ठाऊक असते. ती तारीख फाइलीच्या वरच्या पानावर लाल शाईने लिहावी आणि संगणकातही घालावी. मुदतीला वर्ष उरले की मॅटर आपोआप वर यावे. आमच्या ऑफिसात मी खासगी डायरीत हे करत असे. एका कारकुनाला जमते ते एवढ्या मोठ्या यंत्रणेला जड नाही. विधानसभा-लोकसभेच्या निवडणूक याचिकांसाठी लोकप्रतिनिधित्व कायद्यात सहा महिन्यांत निकालाचा प्रयत्न करावा, असे लिहिलेले आहे. ते पाळले जात नाही हा भाग निराळा, पण निदान लिहिलेले आहे.

वेळेत ऐकले गेले की काय होते, त्याचेही उदाहरण आपल्या राज्यातच आहे. जळगाव जिल्ह्यातल्या विचखेड्याच्या महिला सरपंचांना फेब्रुवारी २०२१ मध्ये निवडून आल्यानंतर अशाच अतिक्रमणाच्या तक्रारीवरून अपात्र ठरवले गेले होते. सासूबाईंसोबत सरकारी जागेवरच्या घरात राहतात, असा आरोप होता. खालपासून उच्च न्यायालयापर्यंत सगळीकडे त्या हरल्या. सप्टेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. बाई सरपंच झाल्याचे काही गावकऱ्यांच्या पचनी पडले नाही, आणि निवडून आलेल्या प्रतिनिधीला इतक्या सहज काढता येणार नाही, असे न्यायालयाने लिहिले. तेव्हा त्यांची मुदत दीड वर्षाच्या आसपास उरली होती. ती संपल्यावर प्रकरण बोर्डावर आले असते, तर त्यांच्याही कागदावर चार ओळीच उमटल्या असत्या.

ज्या सदस्यांच्या याचिका अजून पडून आहेत, त्यांना आपल्या वृत्तपत्रामार्फत एवढे सांगावेसे वाटते. मुदत संपली म्हणून तारखेला जाणे सोडू नका. आजच आपल्या वकिलांना भेटा आणि एक छोटे प्रतिज्ञापत्र दाखल करायला सांगा. त्यात लिहा की आदेशातले कोणते वाक्य तुमच्याविरुद्ध शिल्लक राहते, तुम्ही पुन्हा निवडणूक लढवणार आहात का, मधल्या काळातले मानधन किंवा वसुली बाकी आहे का, आणि आजवरच्या तारखा कुणी मागून घेतल्या. तारखांचा तपशील कोर्टाच्या वेबसाइटवर मिळतो, त्याची प्रिंट जोडा. मॅटर पुकारले गेले आणि ‘टर्म संपली ना?’ असा प्रश्न आला, तर वकिलांनी ‘हो, पण हे शिल्लक आहे’ असे म्हणून तो कागद पुढे करावा आणि वर दिलेले वाक्य आदेशात घालण्याची विनंती करावी. मुदत संपताच वकील फाइल बाजूला ठेवतात, त्यांच्यापुढे रोजची नवी कामे असतात. तेव्हा ही विनंती पक्षकारानेच लावून धरावी लागेल, आणि ती पुकारा होण्याआधीच.

आपला,
एक निवृत्त वकिली कारकून, पश्चिम महाराष्ट्र
(प्रकरणातल्या कुटुंबाची ओळख पटू नये म्हणून नाव-गाव छापू नये, ही विनंती.)